प्राचीन नगरांच्या वाटेवरचा सैनिक : सर अलेक्झांडर कनिंगहॅम

कोरपन्याहून गडचांदूर, राजुरा, बल्लारपूर आणि चंद्रपूर अशी गावे मागे टाकीत नागपूरच्या रस्त्याला लागले की भद्रावती येते. जुनी माणसे या गावाला अजूनही भांदक म्हणतात आणि रेल्वेस्थानकाने तेच नाव जपले आहे. कोळशाच्या खाणी आणि आयुध निर्माणी यांमुळे भद्रावती आज सर्वांच्या परिचयाची आहे. गावाजवळच्या विजासन टेकडीकडे मात्र जाणाऱ्या-येणाऱ्यांपैकी थोड्यांचेच लक्ष जाते. या टेकडीच्या पोटात एक लेणे आहे. एक लांब, अरुंद दालन डोंगरात सरळ आत गेलेले आहे आणि त्याच्या शेवटी अंधारात आसनस्थ बुद्धाची मूर्ती आहे. त्याला काटकोन करून दोन बाजूंना आणखी दोन दालने निघतात. जैन बांधवांचे पार्श्वनाथ मंदिर, भद्रनागाचे देऊळ आणि तळ्यातील बेटाकडे नेणारा जुना दगडी पूल हेही याच गावात. एवढे सारे एका ठिकाणी असलेले गाव कोणे एके काळी मोठे नगर होते, हे सांगायला पंडिताची गरज नाही. पण ते कोणते नगर, हा प्रश्न हाती घेऊन, मोजपट्टी, वही आणि एका चिनी भिक्षूचा प्रवासग्रंथ बरोबर घेऊन एक साठीचा इंग्रज अधिकारी सुमारे दीडशे वर्षांपूर्वी या परिसरात आला होता. त्यांचे नाव जनरल अलेक्झांडर कनिंगहॅम.

भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाचे जनक म्हणून शालेय पुस्तकांत त्यांचे नाव एका ओळीत येते. ते कॅथलिक नव्हते, मिशनरीही नव्हते. तरीही धर्मप्रांताच्या वाचकांपुढे त्यांचे चरित्र ठेवावेसे वाटले, याला कारण आहे. तरुणपणी त्यांनी या कामाला हात घातला, तेव्हा त्यांच्या मनात ख्रिस्ती धर्माच्या प्रसाराचाही एक हिशेब होता. त्या हिशेबाचे पुढे काय झाले हे आपल्याच जिल्ह्याच्या भूमीवर पाहता येते.

अलेक्झांडर यांचा जन्म २३ जानेवारी १८१४ रोजी लंडन येथे झाला. वडील ॲलन कनिंगहॅम हे स्कॉटलंडचे. लहानपणी त्यांनी पाथरवटाचे काम शिकले होते. पुढे ते कवी म्हणून नावारूपास आले आणि फ्रान्सिस चँट्री या प्रसिद्ध शिल्पकाराच्या कार्यशाळेत व्यवस्थापक झाले. दगडावर छिन्नी कशी चालते, घडवलेला दगड आणि झिजलेला दगड यांत फरक काय, हे या घरातील मुलांना वेगळे शिकवावे लागले नसावे. घरची परिस्थिती बेताची होती. सुप्रसिद्ध कादंबरीकार सर वॉल्टर स्कॉट यांच्या शिफारशीने ॲलन यांच्या जोसेफ आणि अलेक्झांडर या दोन मुलांना ईस्ट इंडिया कंपनीच्या लष्करात प्रवेश मिळाला. थोरल्या जोसेफने १८४९ साली शिखांचा इतिहास लिहिला. त्यात कंपनी सरकारला न रुचणारी माहिती होती, म्हणून त्यांना राजनैतिक पदावरून दूर करण्यात आले आणि १८५१ साली त्यांचे निधन झाले. कंपनीच्या सेवेत राहून इतिहास लिहिणे किती महागात पडू शकते, हे धाकट्या भावाने जवळून पाहिले होते.

अलेक्झांडर जून १८३३ मध्ये बंगाल इंजिनिअर्सचे अधिकारी म्हणून भारतात आले. वय अवघे एकोणीस. कलकत्त्यास त्यांची गाठ जेम्स प्रिन्सेप यांच्याशी पडली. प्रिन्सेप टांकसाळीत नोकरीस होते आणि जुनी नाणी व शिलालेख यांचा त्यांना ध्यास होता. १८३७ साली त्यांनी ब्राह्मी लिपी उलगडली आणि अशोकाचे लेख शतकानुशतकांच्या मौनानंतर पुन्हा वाचता येऊ लागले. या गुरूचा सहवास कनिंगहॅम यांना फार वर्षे लाभला नाही. प्रिन्सेप १८४० साली चाळिशीतच वारले. पण विद्येचे बीज पडले होते.

त्याआधीच, डिसेंबर १८३४ मध्ये, या तरुण अधिकाऱ्याने काशीजवळ सारनाथ येथील धामेक स्तूपाचे काम हाती घेतले होते. खर्च स्वतःच्या खिशातून केला. स्तूपाच्या माथ्यावरून त्यांनी थेट खाली विहिरीसारखा खड्डा उतरवला. शंभर फुटांहून अधिक खोल गेल्यावरही अस्थिकलश मिळाला नाही. आजच्या पुरातत्त्वज्ञाला हे वर्णन वाचून घाम फुटेल. थरांचा विचार नाही, कोणती वस्तू कोठे सापडली याची काटेकोर नोंद नाही. त्या काळी जगभर असेच चालत असे. इटलीत पाँपेई नगराचे उत्खनन १७४८ साली सुरू झाले, तेही कित्येक वर्षे राजवाड्यासाठी मूर्ती आणि भित्तिचित्रे उचलून नेण्याचाच उद्योग होता. ज्युसेप्पे फिओरेल्ली यांनी १८६० नंतर तेथे घराघराला क्रमांक दिले, वरून खाली थराथराने माती काढण्याची शिस्त लावली आणि राखेतील पोकळ्यांमध्ये चुन्यासारखे मिश्रण ओतून मृतांच्या आकृती मिळवल्या. ही शिस्त कनिंगहॅम यांना कधीच पूर्णपणे साधली नाही. हा दोष त्यांच्या चाहत्यांनी लपवू नये.

सारनाथची एक गोष्ट मात्र मनाला चटका लावते. तेथे कनिंगहॅम यांना बऱ्याच मूर्ती व कोरीव दगड सापडले. काही त्यांनी कलकत्त्याला पाठवले. जे मागे राहिले त्यांतील अनेक पुढे वरुणा नदीवरील पुलाच्या कामात पाण्यात टाकण्यात आले. पुरातन वास्तूंना काळाइतकेच बांधकाम खातेही मारक ठरते, याचा हा त्यांना मिळालेला पहिला धडा. तो अखेरचा नव्हता.

पुढील पंचवीस वर्षे त्यांनी लष्करी सेवा केली. ते गव्हर्नर जनरल लॉर्ड ऑकलंड यांचे अंगरक्षक अधिकारी होते. अवधच्या नवाबांकडे अभियंता म्हणूनही त्यांनी काम केले. लडाख आणि तिबेट यांची सीमा ठरवण्यासाठी ते हिमालयात गेले आणि १८५४ साली लडाखवर एक मोठा ग्रंथ लिहिला. युद्धांत भाग घेतला, रस्ते बांधले, पूल उभारले. या साऱ्यातून सवड मिळाली की त्यांची पावले एखाद्या टेकाडाकडे वळत. आपल्या भागात शेतकरी ज्या जागेला पांढरी म्हणतात, जेथे नांगराला खापरे लागतात आणि पावसाळ्यानंतर मणी, नाणी वर येतात, तशा जागा त्यांनी उत्तर भारतात शेकड्यांनी पाहिल्या.

या भटकंतीला दिशा दिली ती चिनी यात्रेकरूंनी. फाहियान पाचव्या शतकाच्या आरंभी आणि ह्युएन त्संग सातव्या शतकात बुद्धाची जन्मभूमी पाहण्यास आले होते. कोठून कोणत्या दिशेला किती ली चाललो, कोणत्या नगरात किती मठ आणि किती भिक्षू दिसले, हे त्यांनी लिहून ठेवले. फाहियानच्या ग्रंथाचे फ्रेंच भाषांतर १८३६ साली, तर ह्युएन त्संगच्या ग्रंथाचे १८५७-५८ मध्ये प्रसिद्ध झाले. कनिंगहॅम यांनी सहा ली म्हणजे साधारण एक मैल असे गणित बसवले आणि हे ग्रंथ हातात धरून ते वाट चालू लागले. १८४२ साली त्यांनी संकिसा गावी प्राचीन संकाश्य नगर ओळखले. पुढे नालंदा, श्रावस्ती, कौशांबी, अहिच्छत्र, तक्षशिला ही नावे एकेका ओसाड टेकाडाला जोडली गेली. ज्या नगरांची नावे केवळ पोथ्यांत उरली होती, त्यांना पुन्हा जमिनीवर जागा मिळाली.

येथे थोडे विषयांतर करतो. सेमिनरीत चर्चचा इतिहास शिकताना जोवान्नी बत्तिस्ता दे रोस्सी यांचे नाव आम्हांस परिचित झाले होते. रोममधील भूमिगत दफनस्थळांचा, म्हणजेच कॅटाकोंबांचा शास्त्रशुद्ध अभ्यास त्यांनी सुरू केला. १८४९ साली रोमच्या आप्पियन मार्गालगतच्या एका द्राक्षमळ्यात त्यांना संगमरवराचा एक तुकडा दिसला. त्यावर एका नावाची शेवटची अक्षरे आणि रक्तसाक्षी या अर्थाचा शब्द एवढेच शिल्लक होते. सातव्या शतकातील यात्रेकरूंसाठी लिहिलेल्या मार्गदर्शिकांत, रक्तसाक्षी पोप कोर्नेलियस यांची कबर याच मार्गावर असल्याचे दे रोस्सी यांनी वाचले होते. त्यांच्या आग्रहावरून पोप नववे पायस यांनी तो मळा विकत घेतला. १८५२ साली कबर सापडली आणि दगडाचा उरलेला भागही मिळाला. १८५४ साली तिसऱ्या शतकातील पोपमहोदयांची समाधिकक्षा उजेडात आली.

एक संशोधक रोममध्ये, दुसरा हिंदुस्थानात. दोघांच्याही हातात सातव्या शतकातील यात्रेकरूंची लेखणी. भक्तिभावाने लांबचा प्रवास करणाऱ्या साध्या माणसांनी आपल्यामागून येणाऱ्यांसाठी वाट लिहून ठेवली आणि बाराशे वर्षांनी त्याच लेखनावरून हरवलेली स्थळे सापडली, हा योग मला विलक्षण वाटतो. दोघे समकालीनही होते. कनिंगहॅम १८९३ साली वारले आणि दे रोस्सी १८९४ साली.

फरक होता तो हेतूचा. दे रोस्सी आपल्याच श्रद्धेची मुळे शोधत होते. कनिंगहॅम दुसऱ्यांच्या श्रद्धेची मुळे खणून काढत होते, आणि ती का खणावीत याचे त्यांनी १८४३ साली दिलेले कारण आज वाचताना आपल्याला अवघडल्यासारखे होते. कर्नल साइक्स यांना लिहिलेल्या पत्रात संकिसाच्या शोधाची हकिकत सांगून त्यांनी असे प्रतिपादन केले की, बौद्ध अवशेषांच्या शोधाला राजकीय दृष्ट्या आणि धार्मिक दृष्ट्याही मोठे महत्त्व आहे. ब्राह्मणी धर्म हा अनादी आणि अपरिवर्तनीय नसून त्यात वेळोवेळी भर पडत गेली आहे, मध्यंतरी बौद्ध धर्म या देशात प्रबळ होता, हे पुराव्याने सिद्ध झाले की या भूमीत ख्रिस्ती धर्म रुजणे सुकर होईल, असा त्यांचा तर्क होता. त्या काळातील प्रॉटेस्टंट अधिकाऱ्यांपैकी अनेकांची विचारसरणी अशीच होती. विद्येला धर्मप्रचाराच्या गाड्याला जुंपावे, यात त्यांना काही वावगे वाटत नसे. आपल्याही काही पूर्वसूरींना वाटले नसते. म्हणून त्यांच्याकडे बोट दाखवताना थोडे जपून दाखवलेले बरे.

१८५१ साली मेझी या सहकाऱ्यासह त्यांनी सांची व भिलसा परिसरातील स्तूप उघडले. सांचीच्या एका स्तूपात बुद्धाचे दोन प्रमुख शिष्य सारिपुत्त आणि मोग्गलान यांची नावे कोरलेल्या पेट्या मिळाल्या. त्यांतील पवित्र अवशेष इंग्लंडला गेले. एखाद्या धर्माच्या लोकांनी पूजेसाठी जपून ठेवलेले अवशेष संग्रहाची वस्तू म्हणून नेणे योग्य होते काय? संतांच्या अवशेषांपुढे गुडघे टेकणाऱ्या आपल्या समाजाला या प्रश्नाचे उत्तर शोधावे लागू नये. या शिष्यद्वयाचे अवशेष स्वतंत्र भारतात परत आले आणि नोव्हेंबर १९५२ मध्ये सांची येथील नव्या विहारात त्यांची विधिपूर्वक प्रतिष्ठापना झाली.

कनिंगहॅम १८६१ साली मेजर जनरल होऊन लष्करातून निवृत्त झाले. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरमध्ये त्यांनी लॉर्ड कॅनिंग यांना एक निवेदन सादर केले. अठरा वर्षांपूर्वीच्या पत्राहून या निवेदनाचा सूर वेगळा आहे. प्राचीन वास्तूंची पद्धतशीर पाहणी न करणे हे सरकारला शोभणारे नाही, असा मुद्दा त्यांनी मांडला. रोमन ग्रंथकार प्लिनी याने भारताचे वर्णन करताना जसा अलेक्झांडरच्या स्वारीचा मार्ग धरला, तसा आपण ह्युएन त्संगचा मार्ग धरू, असेही त्यांनी सुचवले. हा प्लिनी म्हणजे इ. स. ७९ मध्ये व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या उद्रेकात, पाँपेई राखेखाली गाडले गेले त्याच वेळी प्राण गमावणारा विद्वान. धर्मप्रसाराचा युक्तिवाद मागे पडून नोंद, मोजमाप आणि जतन यांची भाषा पुढे आली होती. हा बदल वयाने घडला, अनुभवाने की सरकारी कागदाच्या गरजेने, हे ज्याचे त्याने ठरवावे. माझा कल अनुभवाकडे आहे.

सरकारने पद निर्माण केले, पण पाच वर्षे होण्यापूर्वीच काटकसरीच्या नावाखाली ते बंद केले. कनिंगहॅम इंग्लंडला परतले आणि एका बँकेचे संचालक झाले. रिकामे मात्र बसले नाहीत. १८७१ साली प्राचीन भारताच्या भूगोलावरचा त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. तोवर लॉर्ड मेयो यांनी पुरातत्त्व सर्वेक्षणाला नवे जीवन दिले होते आणि त्याचे महासंचालक म्हणून कनिंगहॅम यांना परत बोलावले होते. वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी ते पुन्हा तंबू, घोडे आणि बैलगाड्या यांच्या जीवनात परतले.

आता आपल्या जिल्ह्याकडे येऊ. ह्युएन त्संग कलिंग देशातून वायव्येस १८०० ली चालून कोसल देशात आला आणि तेथून ९०० ली दक्षिणेस आंध्र देशात गेला, असा उल्लेख आहे. हा कोसल म्हणजे अयोध्येचा नव्हे, तर दक्षिणेकडील. १८०० ली म्हणजे ३०० मैल. नकाशावर हे अंतर मोजून आणि आंध्राकडील अंतराचा मेळ घालून कनिंगहॅम यांनी १८७१ च्या ग्रंथात विदर्भ म्हणजेच तो कोसल देश मानला आणि त्याची राजधानी चांद्याला असावी असे अनुमान केले. गोंड राजांच्या परकोटाचे, जटपुरा, अचलेश्वर, बिनबा आणि पठाणपुरा या वेशींचे आपले चांदा अशा रीतीने लंडनमध्ये छापलेल्या पुस्तकात ह्युएन त्संगच्या मुक्कामाचे स्थान ठरले.

१८७३ ते १८७५ या दोन हंगामांत त्यांनी मध्य प्रांताचा दौरा केला. नागपूरपर्यंत रेल्वे १८६७ साली आली होती. त्यापुढे चांद्याकडील मुलूख म्हणजे सागवानाचे आणि बांबूचे अरण्य, मधून मधून काळी जमीन, पावसाळ्यात तुटणाऱ्या वाटा. वर्धा नदीच्या पश्चिमेचा आपला राजुरा-कोरपन्याचा भाग तर तेव्हा निजामाच्या राज्यात होता. याच दौऱ्यांच्या अहवालात, सर्वेक्षणाच्या नवव्या खंडात, भांदकचे लेणे, देवळे आणि पूल यांचे वर्णन आले. वैनगंगेच्या तीरावरील मार्कंडा येथील मंदिरसमूहाचाही त्यांनी तपशील दिला. चामोर्शीजवळच्या या मंदिरांवरील शिल्पांची दाटी पाहून खजुराहो पाहिलेला हा जाणकारही थक्क झाला होता. महाशिवरात्रीला तेथे लाखांनी जमणाऱ्या भाविकांपैकी किती जणांना हे ठाऊक असेल कोण जाणे. नागभीड तालुक्यातील देवटेक येथील शिलेचा ठसा त्यांनी १८७७ साली प्रसिद्ध केलेल्या अशोककालीन लेखांच्या संग्रहात दिला. या शिलेवर दोन लेख आहेत. एक प्राचीन ब्राह्मी लिपीत, प्राण्यांना पकडण्यास व मारण्यास मनाई करणारा, आणि दुसरा वाकाटक राजा पहिला रुद्रसेन याचा. ही शिला पुढे नागपूरच्या मध्यवर्ती संग्रहालयात ठेवण्यात आली.

भांदक प्रत्यक्ष पाहिल्यावर कनिंगहॅम यांनी या नगराचा संबंध वाकाटकांच्या राज्याशी जोडला. वाकाटकांविषयी त्या वेळी फार थोडे लेख उपलब्ध होते आणि नावांतील साम्याचा मोह त्यांना आवरत नसे.

यातील बरोबर किती ठरले? सरळ सांगायचे तर राजधानीविषयीचे दोन्ही तर्क टिकले नाहीत. ह्युएन त्संगचा कोसल म्हणजे छत्तीसगड, आणि त्याने पाहिलेली राजधानी बहुधा महानदीकाठचे सिरपूर, असे आज बहुतेक अभ्यासक मानतात. तेथील उत्खननांत बौद्ध विहार मोठ्या संख्येने उजेडात आले आहेत. वाकाटकांची नंदिवर्धन ही राजधानी रामटेकजवळचे नगरधन होय. तेथे २०१५ नंतरच्या उत्खननात राणी प्रभावतीगुप्त हिच्या नावाची मातीची मुद्रा सापडली. दुसऱ्या शाखेची राजधानी वत्सगुल्म म्हणजे आजचे वाशीम. भांदकला राजधानीचा मान मिळाला नाही. मात्र तेथेच राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याचा शके ६९४ चा, म्हणजे इ. स. ७७२ चा ताम्रपट सापडला आणि या नगराचे जुनेपण पक्के झाले.

चुका येथेच संपत नाहीत. कपिलवस्तूच्या बाबतीत आपल्या साहाय्यकाने सुचवलेले चुकीचे स्थळ त्यांनी मान्य केले. हडप्पाला ते १८५३ पासून तीनदा गेले. लाहोर-मुलतान रेल्वेच्या रुळांखाली सुमारे शंभर मैल त्या नगराच्या विटा घातल्या गेल्याचे त्यांनी हळहळून नमूद केले. तेथील एक मुद्राही १८७५ साली चित्रासह छापली. त्या मुद्रेवरची लिपी भारतीय नव्हे, ती बाहेरून आलेली वस्तू असावी, असे त्यांना वाटले. जगातील एका अतिप्राचीन संस्कृतीचे दार त्यांच्या हातात होते आणि ते त्यांनी ओळखले नाही. ते उघडण्यास १९२४ साल उजाडावे लागले. ह्युएन त्संगच्या ग्रंथात जे नव्हते ते त्यांच्या डोळ्यांना दिसले नाही. ग्रंथावर श्रद्धा ठेवून चालणाऱ्याचे बळही तेच आणि उणीवही तीच.

तरी एक गोष्ट विसरता कामा नये. त्यांच्या चुका आपण दाखवू शकतो, त्या त्यांच्याच नोंदींच्या आधारे. कोणत्या टेकाडाची लांबी किती, वीट किती इंच, कोणत्या खांबावर कोणती अक्षरे, गावकरी त्या जागेला कोणत्या नावाने ओळखतात, हे सारे त्यांनी लिहून छापले. सर्वेक्षणाचे तेवीस खंड निघाले आणि त्यांतील निम्म्याहून अधिक त्यांनी स्वतः लिहिले. यातील अनेक वास्तू आज उभ्या नाहीत, वर्णनापुरत्याच उरल्या आहेत. मार्कंड्याच्या मुख्य मंदिराच्या शिखरावर वीज पडून झालेली हानी, भारहुतच्या स्तूपाचे दगड आसपासच्या घरांच्या भिंतींत गेले ही हकिकत, असे तपशील त्यांच्या लेखनात पदोपदी येतात. भारहुतचा शोध त्यांना नोव्हेंबर १८७३ मध्ये, म्हणजे मध्य प्रांताच्या दौऱ्याच्याच हंगामात लागला. उरलेला कोरीव कठडा कलकत्त्याच्या संग्रहालयात हलवण्याची त्यांनी व्यवस्था केली नसती, तर तोही कोणाच्या तरी गोठ्यात चिणला गेला असता. वारसा मूळ जागेवरून हलवणे हा उपाय चांगला नव्हे. पण सारनाथचे दगड नदीत गेलेले पाहिलेल्या माणसाला दुसरा उपाय सुचला नाही.

१८८५ साली एकाहत्तराव्या वर्षी ते निवृत्त झाले. त्याच वर्षी त्यांच्या संग्रहातील कित्येक वस्तू घेऊन निघालेले इंडस नावाचे जहाज श्रीलंकेच्या किनाऱ्याजवळ फुटले आणि आयुष्यभराच्या मेहनतीचा एक भाग समुद्राच्या तळाशी गेला. उरलेली उत्तम नाणी ब्रिटिश म्युझियमला मिळाली. १८८७ साली त्यांना सर हा किताब देण्यात आला. १८९२ मध्ये बोधगयेच्या महाबोधी मंदिरावरील त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. या मंदिराच्या जीर्णोद्धाराच्या कामात त्यांचा मोठा वाटा होता. २८ नोव्हेंबर १८९३ रोजी लंडन येथे त्यांचे निधन झाले. केन्सल ग्रीन दफनभूमीत त्यांची कबर आहे.

आता तो १८४३ चा हिशेब. बौद्ध अवशेष उजेडात आले की ख्रिस्ती धर्माची वाट मोकळी होईल, असे तरुण कनिंगहॅम यांना वाटले होते. अवशेष उजेडात आले. घडले मात्र निराळेच. जीर्णोद्धार झालेल्या बोधगयेत १८९१ साली सिंहली उपासक अनागारिक धर्मपाल आले आणि त्याच वर्षी त्यांनी महाबोधी सोसायटीची स्थापना केली. सारनाथ, श्रावस्ती, सांची ही नावे नकाशावर परतली तशी यात्रेकरूंची पावलेही परतली. पुराणवस्तू म्हणून खणून काढलेली स्थळे पाहता पाहता पुन्हा तीर्थस्थाने झाली. चर्चची दृष्टीही बदलत गेली. १९६५ साली दुसऱ्या व्हॅटिकन महासभेने अन्य धर्मांविषयीच्या घोषणापत्रात बौद्ध धर्माचा आदराने उल्लेख केला आणि त्या धर्मांत जे सत्य व पवित्र आहे ते चर्च नाकारीत नाही असे जाहीर केले. कनिंगहॅम यांच्या पिढीतील कोणाही धर्मगुरूला, कॅथलिक असो वा प्रॉटेस्टंट, हे स्वप्नातही खरे वाटले नसते.

आणि चांदा? १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी बौद्ध धर्माची दीक्षा घेतली आणि आपल्या अनुयायांना दिली. दोनच दिवसांनी, १६ ऑक्टोबरला, ते चांद्यास आले. ज्या शहरावर कनिंगहॅम यांनी अंतरांचा हिशेब करून ह्युएन त्संगने पाहिलेल्या नगराची खूण केली होती, त्याच शहरात त्या संध्याकाळी विराट जनसमुदायाने त्रिशरण आणि पंचशील ग्रहण केले. ती भूमी आज दीक्षाभूमी म्हणून ओळखली जाते. दर ऑक्टोबरमध्ये कोरपना, राजुरा, जिवतीकडूनही माणसे तेथे जातात, आणि काही जण पुढे भद्रावतीला जाऊन विजासनच्या लेण्यात, त्या लांब अंधाऱ्या दालनाच्या टोकाशी असलेल्या मूर्तीसमोर मेणबत्त्या लावतात.